आई भांडेनाशी झाली तेव्हा

आमची आई भांडकुदळ. ऊर्जानगरच्या क्वार्टरांत तिचा आवाज पार कोपऱ्यावरच्या दुकानापर्यंत जायचा. एकोणीसशे ऐंशीनंतरच्या त्या वर्षांत तिचं बीपी वाढलं आणि दवाखान्यातल्या डॉक्टरांनी तिला बारीक पांढरी गोळी सुरू केली. थोड्याच दिवसांत घर चिडीचूप झालं.

बाबा खूश. शेजारीण म्हणाली, "बाई किती सुधरल्या!" मला मात्र चैन पडेना. आई विळी आणि वालाच्या शेंगा पुढ्यात घेऊन बसायची आणि शेंगा तशाच राहायच्या. नाक सारखं चोंदलेलं. उठली की भिंत धरायची. मी मुद्दाम दूध उतू जाऊ दिलं, तर तिनं काही न बोलता ओटा पुसला आणि कोपऱ्यात रडत बसली. मी बाबांवर खेकसले, "आईले काईतरी होऊन राह्यलं!"

"वय झालं का मानूस शांत होते," ते पेपरातूनच म्हणाले. मला त्यांचा भयंकर राग आला.

मग चामोर्शीहून मावशी आली. पिशवीतून कुठल्याशा झुडपाच्या वाळक्या मुळ्यांची जुडी काढत तिनं विचारलं, "मागची सरली का वं? रोज घेऊन राह्यली ना?" जंगलातल्या गावाहून, डोकं थंड राहावं म्हणून, ती आईसाठी ही मुळी आणत होती. आई सकाळी डॉक्टरची गोळी घ्यायची आणि संध्याकाळी बहिणीची मुळी उगाळून.

मी जुडी उचलून तडक दवाखाना गाठला. डॉक्टरांनी मुळी पाहिली आणि कपाळाला हात लावला.

"अगं, ही सर्पगंधा. माझी गोळी हिच्यातल्याच औषधी द्रव्याची, अल्कलॉइडची. त्यानं रक्तदाब उतरतो, पण जास्त झालं तर माणसाचं मनही खचतं. काही जण जिवाचं बरंवाईट करून घेतात."

घरी पोचेपर्यंत माझ्या डोळ्यांपुढे आईची विळीच दिसत होती. मुळी बंद झाली, गोळी बदलली. तरी माझी धाकधूक जाईना. ती न्हाणीत गेली की मी दाराशी उभी. उशीर झाला की कडी वाजवायची.

एका दुपारी बाबा जेवत होते. पोळी लाटता लाटता आई थांबली.

"मी जितीजागती मरून राह्यली होती," ती कडाडली, "अन् तुमाले घर कसं चांगलं लागत होतं, नाई?"

बाबांनी हातातला घास ताटात ठेवला. मान खाली घालून ते म्हणाले, "हो. लागत होतं."