दाराची खूण

कापूस वेचायचे दिवस होते. सौंसरच्या अलीकडं आमचं वावर. आमच्या घरचे, पोरीचे बाबा, पांढुर्ण्याले कापसाच्या जिनिंगात कामाले, शनिवारीच येत. मी अन् सासू सकाळी वेचाले जात होतो. पोरगी साडेचार वर्षाची, तिले नेता येत नोहतं, कारण वावरातल्या विहिरीले कठडा नाही, अन् एक दिवस ती काठावर वाकून आत पाहून राहिली होती. मी धावत जाऊन तिले मागं ओढली. तेव्हापासून तिले घरीच ठेवो. शेजारची काकू अधूनमधून डोकावून जाये. पण दार लावलं का पोरगी रडून रडून ओकून टाके, अन् उघडं ठेवलं तं सरळ रस्त्यावर.

मंग मी एक देश बनवला. सहावीत शाळा सुटलेली मी, मले कुठं गोष्टी येतात, पण भीतीनं सुचलं. म्हटलं, त्या देशात पाटी नाही, कागद नाही, शाई नाही. तिथले लोक बोटानं हवेत खुना काढतात, त्या दिसत नाही, हाताले लागत नाही, पण जिथं काढल्या तिथंच राहतात. पान्याची खूण वेगळी, झोपेची वेगळी, दाराची वेगळी. दाराची काढली का आतलं मानूस बाहेर जात नाही. ज्यानं काढली त्यानंच उलटी फिरवून पुसाची.

"अन् तशीच ओलांडली तं?" पोरीनं विचारलं.

मी भाकरी थापून राहिली होती, घाईत. म्हटलं, "मंग त्याचा आवाज आतच राहून जाते."

असं बोलून गेली मी.

रोज सकाळी उंबऱ्याबाहेर उभी राहून मी हवेत बोट फिरवो, ती डोळे मोठे करून पाहे. दिवस बुडाच्या आत आली का उलटं फिरवो, का ती उडी मारून बाहेर. पहिले आठ दिवस मी नीट तीच खूण काढली. मंग मनाले येईन तशी. ती मले म्हने, "काल शेपटी खाली होती, आज वर काहून?" मले हसू ये.

एक दिवस दुपारी काकूच्या परसात जळनाले रचलेल्या कापसाच्या पऱ्हाट्या पेटल्या. धूर आमच्या घरात शिरला. काकूनं बाहेरून हाका मारल्या, पोरगी येईना. म्हने, "आईनं पुसली नाही." काकूले काय समजनार, तिनं उचललं कमरेवर अन् आनलं बाहेर. लोकाईनं पानी मारून आग विझवली. आमी वावरातून पळत आलो तं पोरगी काकूच्या ओसरीवर बसलेली, अंगाले कुठंच काही नाही. मी विचारलं, "लागलं का बेटा?" तिनं तोंड उघडलं अन् पुन्हा मिटलं.

त्या दिवशी सगळे म्हने, घाबरली. दुसऱ्या दिवशी बी नाही बोलली, तिसऱ्या बी नाही. जेवे, झोपे, पाहे, पण आवाज नाही, रडली तं तेही बिनआवाजाचं. सासूनं मीठ-मोहरी ओवाळली. काकू म्हने, "माह्या सुनेले झालं असतं असं तं मी पेढे वाटले असते." कोनी हसलं नाही.

शनिवारी आमच्या घरचे आले. म्हने, नागपूरले डॉक्टरकडं नेऊ. सासू म्हने, आधी जामसांवलीच्या मारोतीले, मी नारळ बोलली आहे. दोघं माह्याकडं पाहून राहिले अन् मी खाली. आवाज कुठं आहे ते मले मालूम होतं. पन सांगू कसं, सख्ख्या मायनं पोरीवर काही करनी केली असंच म्हनतीन ना.

दुसऱ्या दिवशी सकाळी ते जामसांवलीसाठी गाडीबैल पाहाले गेले, सासू नळावर गेली. मी पोरीले आत उभी केली अन् बाहेरून खूण उलटी फिरवली. तिनं मान हलवली. ते नाही. मी दुसरी फिरवली. ते बी नाही. त्या दिवशी काय काढलं होतं मी? हवेत काय दिसते का पाहाले? म्हटलं, "तू काढून दाखव बेटा." तिनं दोन्ही हात पाठीमागं लपवले. ज्यानं काढली त्यानंच पुसाची. म्हटलं सांगून टाकू का सगळं खोटं आहे. पन मंग भीती वाटली, देशच खोटा निघाला तं तिचा आवाज आनू कुठून?

"काय करून राहिली तू दारात?" सासू, डोक्यावर पान्याचा गुंड.

मी सगळं सांगून टाकलं, एका दमात, रडत रडत. तिनं गुंड उतरवला, पदरानं तोंड पुसलं, अन् माह्याजवळ आली. वाटलं, आता हात उचलते.

"त्या दिवशी," ती म्हने, "मी अंगणातल्या चुलीपासून आवाज दिला, भाकरीचं गठुडं राहिलं म्हनून. तुह्यं बोट असं वर होतं. तशीच वळली तू. गठुडं घेतलं अन् सुटली. पुरी कुठं केली तू?"

मी बोट वर नेलं, तिथंच थांबली, अन् तिथूनच मागं आनलं.

पोरगी उंबऱ्यापाशी आली. माह्या बोटाकडं पाहे, माह्या तोंडाकडं पाहे. मंग बाहेर पाय ठेवला.

"अर्धीच होती," ती म्हने, आवाज घोगरा. "तरी मी नाही गेली बाहेर. काकूनं नेलं मले."

मी तिले छातीशी धरली. सासू गुंड उचलत म्हने, "जामसांवलीले तं जाऊच, बोललेला नारळ आहे. पन तिथं हात जोडून उभी राहाजो बाई, बोटं हलवू नको."

आमच्या घरच्याईले आमी दोघीनं काही सांगतलं नाही. ते नारळाचंच समजतात. पोरगी आता भरभर बोलते, दिवसभर काही ना काही विचारते, पाऊस कुठं जाते, बैल काहून रडत नाही. मी उत्तर द्याले तोंड उघडतो अन् मधीच थांबतो. ती माह्या तोंडाकडं पाहूनच राहिली असते.