तुळईला पोलिसांचा पहारा

मंडळी, चहा घ्या. तो संपेपर्यंत माझ्या हातून घडलेला एक गाढवपणा सांगून टाकतो. आजवर लपवला. लपवल्याने पाप हलके होत नाही, एवढे आता कळले आहे.

मी शिरपूरला मराठी शाळेत हेडमास्तर होतो. वीस वर्षे भाड्याच्या खोलीत काढली आणि मग स्वतःच्या जागेत चार भिंती उभ्या केल्या. शेजारी आनंदा पाटील. सारा गाव त्यांना नाना म्हणे. त्यांना अक्षरओळख नव्हती. रोज संध्याकाळी मी पोथी वाचायचो, ते ऐकायचे. गावात माझा दुसरा मित्र नव्हता. शिस्तीच्या माणसाला फार मित्र नसतात. तुम्हीही चहासाठीच बसला आहात.

भिंत उठताना नाना म्हणाले, ती वीतभर त्यांच्या जागेत आली आहे. मोजणीदाराने साखळी टाकली. जागा माझीच निघाली. नाना एक शब्द न बोलता घरी गेले आणि पोथीला येणे बंद झाले.

आता सांगा, गप्प बसलेल्या माणसाच्या मनात काय असते? मी ठरवले, सूड. फौजदारांकडे अर्ज केला: जागा खाजगी मालकीची, काम कायदेशीर, छपराची तुळई चढवताना अडथळ्याचा संभव, तरी बंदोबस्त मिळावा. अर्ज इतका चोख होता की फौजदारांनी एक हवालदार आणि दोन शिपाई तीन दिवसांसाठी दिले.

तुळई चढवायच्या सकाळी मी स्नान करून देवापुढे हात जोडले आणि साहाय्य मागितले. बाहेर येतो तो काय, नाना आठ गड्यांना घेऊन गल्लीत शिरत होते. खांद्यांवर पहारी, दोर, लांब बांबू. बोलावणे तर कोणालाच नव्हते. मी हवालदाराला बोट दाखवून म्हणालो, "हेच ते."

त्याने सगळ्यांना चौकीवर नेले. जाताना नानांनी माझ्याकडे पाहिले. मी न्यायाच्या बाजूचा माणूस. नजरही वळवली नाही.

घटकाभराने गवंडी आला.

"मास्तर, माणसं कुठं गेली?"

"कोणती माणसे?"

"नानांची. सातपुड्याचा साग आहे. आठ-दहा जणांशिवाय हलायचा नाही."

"मी कोणालाही बोलावले नव्हते."

गवंडी माझ्याकडे पाहतच राहिला. "तुळईला कोण बोलावतं, मास्तर? भांडण असलं तरी शेजारी येतोच. वीस वर्षं इथं राहून ठाऊक नाही?"

नव्हते ठाऊक. भाड्याच्या खोलीला तुळई चढवावी लागत नाही. मी मदत मागितली, देवाने माणसे पाठवली आणि मी ती चौकीत पाठवली.

मुलांना धावू नका म्हणून छड्या देणारा मी भर बाजारातून धोतर सावरत धावलो. चौकीत नाना आणि त्यांचे गडी भिंतीशी ओळीने बसले होते. टेबलावर जप्तीचा माल: पहारी, दोर आणि लाल फडक्यात बांधलेला एक नारळ. हवालदाराने तोही हत्यारांत लिहिला होता. फेकून मारला तर डोके फुटते, असे त्याचे म्हणणे. दुसऱ्या कोणाच्या बाबतीत हे घडले असते, तर मीही हसलो असतो.

फौजदार म्हणाले, "अर्ज तुमचा, ओळख तुम्ही पटवलीत, आता सोडा म्हणता. मास्तर, एकदा काय ते ठरवा." पण त्यांनी सोडले.

मी नानांपुढे हात जोडले. चुकलो म्हणालो, चला, तुळई तुमच्याच हातांनी चढू द्या. ते सावकाश उठले.

"नही, मास्तर. आते नही."

मग टेबलावरचा नारळ उचलून त्यांनी माझ्या हातात ठेवला. "हाऊ तुमना शे. लई जा."

दोन दिवस तुळई अंगणात पडून राहिली. शिपाई तिच्यावर बसून पेंगत होते. तिसऱ्या दिवशी धुळ्याहून आणलेल्या हमालांनी ती चढवली. गावातले कोणी बघायलाही आले नाही.

संध्याकाळी हवालदाराने वर पाठवायचा कागद लिहिला: "बंदोबस्त चोख. काम पुरे झाले. पहिल्या दिवसानंतर जागेकडे कोणीही फिरकले नाही." मजकूर खरा असल्याबद्दल त्याला माझी सही हवी होती.

मी तो दोनदा वाचला. एखादी चूक सापडावी, असे फार वाटत होते. सापडली नाही. सही केली.