शेपटीकडची बाजू

नवसीचा नवरा भीमा परांचीवरून पडला तेव्हा ती तिथंच, इमारतीच्या मागच्या अंगाला वाळू चाळत होती.

नव्वद सालानंतर बदलापूरच्या हेंद्रेपाड्यात एकामागून एक इमारती उठत होत्या. बारवीकडच्या डोंगरातली ठाकर माणसं भाताची झोडणी उरकली की खाली उतरायची, अर्धवट इमारतीच्या तळाशीच चूल मांडायची आणि पेरणीच्या आधी परत वर जायची. लग्न झाल्यापासून नवसी आणि भीमा दर साल येत. पोर झाली, आवडी, तशी पहिल्या साली तीही आईच्या पाठीला बांधलेली आली; या खेपेला मात्र तिला भीमाच्या आईपाशी वरच ठेवलं होतं.

भीमा चढायला पक्का. पोरवयात मधाच्या पोळ्यांसाठी कडे चढलेला गडी तो. शेताच्या बांधावरून चालावं तसा बांबूच्या परांचीवरून चालायचा. वरून बारीक खडा टाकायचा, नवसीच्या घमेल्यात तो टण्णकन वाजला की म्हणायचा, "वर बग की जरा." नवसी मुद्दाम बघायची नाही.

त्या दिवशी काथ्याची गाठ सुटली की बांबूच निसटला, ते कुणालाच नीट सांगता आलं नाही. विटांच्या थप्पीवर तो पाठीवर आदळला. नवसी पोचली तेव्हा शुद्धीत होता, पाणी मागत होता. डोकं फुटलं नव्हतं, रक्त असं दिसत नव्हतं, म्हणून सगळ्यांना जरा बरं वाटलं. दोघांनी हात धरले, दोघांनी पाय धरले आणि त्याला उचलून टेम्पोत घातला. मधे तो पोत्यासारखा वाकला होता. त्याचं डोकं गड्यांनी सिमेंटच्या गोणीवर टेकवलं, पाय नवसीच्या मांडीवर आले. रस्ताभर तो एकच विचारत होता, "माझे पाय कुठं ठेवले?"

"माझ्या मांडीवर हायेत."

"नाय. खाली लोंबतात ते. वर घे."

नवसीनं त्याची पावलं पोटाशी घट्ट धरली. तरी तो तेच म्हणत राहिला.

उल्हासनगरच्या कॅम्प चारमध्ये एक धर्मादाय दवाखाना होता, मुकादमाच्या ओळखीचा. तिथं त्याला भरती केलं. वॉर्डात बहुतेक माणसं सिंधी. बायका झिरझिरीत ओढण्या डोक्यावरून घेऊन आपापल्या माणसांपाशी बसलेल्या, हिंदीत नवसीची विचारपूस करायच्या आणि तिला उत्तर जुळवता आलं नाही तरी हातावर केळं ठेवायच्या.

डॉक्टरीण तरुण होती. वृंदा तिचं नाव. अंबरनाथहून यायची, वडील तिथल्या कुठल्याशा कारखान्यात साहेब होते. टाचणी घेऊन ती भीमाच्या छातीपासून टोचत टोचत पायांकडे निघाली.

"इथं लागतंय?"

"लागतं."

"इथं?"

"लागतं."

बेंबीपाशी आल्यावर भीमा गप्प झाला.

"इथं?"

"टोच ना," भीमा म्हणाला.

ती टोचतच होती. टाचणीच्या जागी रक्ताचा थेंब आलेला नवसीला दिसत होता. वृंदानं खिशातलं पेन काढलं आणि भीमाच्या पोटावर, बेंबीच्या पातळीला, या कुशीपासून त्या कुशीपर्यंत निळी रेघ ओढली.

मग मोठे डॉक्टर आले. दोघं इंग्रजीत बोलले. नवसीला त्यातलं काही कळलं नाही, पण एक शब्द पुन्हा पुन्हा येत होता, तो तिनं धरून ठेवला. मोठे डॉक्टर पुढच्या खाटेकडे वळले तशी ती वृंदाच्या मागोमाग दारापर्यंत गेली.

"बाई, साहेबाला काय सांगितला? कॉडल कॉडल म्हणत व्हतीस."

वृंदा थबकली. असा प्रश्न तिला त्या वॉर्डात कुणी विचारला नसावा. "कॉडल म्हणजे शेपटीकडे. शेपटीच्या बाजूला."

नवसीला वाटलं, ही आपली थट्टा करतेय. "माणसाला शेपटी नसती, बाई."

"नसते. पण तिचं हाड असतं ना, माकडहाड. तो जुना शब्द आहे, लॅटिनमधला, माणसाला आणि जनावराला एकच. पाठीच्या कण्यावरून माकडहाडाकडे जायची जी दिशा, ती कॉडल. डोक्याकडची ती क्रेनियल. मी ती रेघ ओढलीय ना, तिच्या कॉडल बाजूला त्याला काही कळत नाहीये. टोचलेलं नाही, गार नाही, गरम नाही."

"मग खाली म्हण की सरळ."

"खाली म्हटलं की घोटाळा होतो. आपण उभ्या आहोत, आपले पाय खाली. तो आडवा पडलाय, त्याच्या खाली तर गादी आहे. मार लागला त्याच्या खाली बघा असं मी म्हटलं, तर कुणी पाठीखाली हात घालेल. त्याला कुशीवर केलं की आणखी तिसरंच काहीतरी खाली येईल. शेपटीकडे म्हटलं म्हणजे माणूस कसाही असो, दिशा तीच राहते."

नवसीनं घरच्या शेळीला डोळ्यांपुढं आणलं. "शेळीची शेपटी मागं. म्हंजे शेळीचा मागचा अंग ता कॉडल. आनि माणूस उभा राहिला का खालचा."

"हो. तसंच."

"ह्यो कवा उभा राहील?"

वृंदानं पेनाचं टोपण लावलं, पुन्हा काढलं. "सूज आहे आत अजून," ती म्हणाली. "थोडे दिवस जाऊ देत. ही रेघ पायांकडे सरकली तर चांगलं."

एवढंच नवसीला हवं होतं. दुसऱ्या दिवशीपासून तिचा सगळा जीव त्या रेघेत गुंतला. टाचणी घेऊन वृंदा आली की ती खाटेच्या पायथ्याशी जाऊन उभी राहायची, जणू रेघेला आपल्याकडे बोलवायला. रेघ आहे तिथंच राहायची. मग एका सकाळी वृंदा दोनदा टोचून बघायला लागली, परत छातीकडून सुरुवात करून बघायला लागली, आणि तिनं नवी रेघ ओढली ती जुनीच्या दोन बोटं अलीकडे, डोक्याच्या बाजूला.

नवसीला विचारावं लागलं नाही. दिशा तिला आता कळत होती.

वृंदा गेल्यावर तिनं लुगड्याचा पदर तांब्यातल्या पाण्यात बुडवला आणि ती वरची रेघ चोळून चोळून पुसली. भीमाच्या पोटाची कातडी तांबूस झाली. "काय करतेस?" त्यानं विचारलं. छातीकडच्या बाजूनं त्याला ओलं लागत होतं.

"डाग पडला व्हता."

दुपारी वृंदा आली, तिनं तो निळसर ओघळ पाहिला. त्याच जागी तिनं परत रेघ ओढली, पण फार हलक्या हातानं.

भीमाला कुणी काही सांगितलं नव्हतं. त्याचं म्हणणं एकच, पाय वाकडे ठेवलेत. गुडघे वर करून ठेवलेत, कळ लागते. पाय तर गादीवर सरळ, दोन ओंडके टाकावेत तसे पडलेले असायचे. नवसी ते उचलायची, परत खाली ठेवायची.

"केले सरळ."

"नाय केले. तू कराया बगत नाय."

एकदा चिडून त्यानं तिचा हात झिडकारला. मग तिनं त्याच्या डोक्याखाली हात घालून मान उचलली आणि त्याला पाय दाखवले. तो बघत राहिला. बराच वेळ बघितल्यावर म्हणाला, "हे माझे नायत." आणि डोळे मिटून घेतले.

त्याची आई कौसाबाई डोंगरातून आली, धाकटा भाऊ देऊ बरोबर होता. म्हातारीनं लेकाच्या कपाळावरून हात फिरवला, त्यानं तिला ओळखलं, आवडीचं विचारलं, गाय व्यायली का विचारलं. म्हातारीला कळेना, एवढं बोलणाऱ्या माणसाला झालंय तरी काय. तिनं नवसीला बाहेर व्हरांड्यात नेलं.

"कुठवर हाय ग तो?"

नवसीनं आपला तळवा स्वतःच्या पोटावर, बेंबीच्या वर आडवा ठेवला. "इथवर."

कौसाबाईनं तो हात धरला आणि खाली ओढून कंबरेशी नेला. "इथवर तरी असंल."

नवसीनं हात तसाच राहू दिला.

मुंबईला मोठ्या इस्पितळात न्यावं का, हे देऊनं वृंदाला विचारलं. ती म्हणाली, "मी विचारून आले तिथं. माझे सर आहेत एक, त्यांना फोटो दाखवले. कण्याच्या आत दोरीसारखी शीर असते, ती चेचली गेली की जोडता येत नाही. तिथंही नाही." हे सांगताना ती देऊकडे बघत नव्हती. देऊनं मान डोलावली आणि थोड्या वेळानं परत तोच प्रश्न विचारला. तिनंही परत तेच उत्तर दिलं, शब्द तेवढे जरा मऊ केले.

घरी सोडायच्या आधी वृंदानं नवसीला सगळं शिकवलं. लघवीची नळी कशी धुवायची, पिशवी कशी रिकामी करायची, कूस कशी बदलायची. "टाचा बघत जा. खुबा बघत जा. आणि माकडहाड. तिथं त्याला कळणार नाही, तुलाच कळायला हवं. कातडी लाल दिसली की त्या अंगावर झोपवायचं नाही." नवसीनं ते सगळं तिला परत म्हणून दाखवलं. वृंदा म्हणाली, "बरोबर." मग उगाच म्हणाली, "फार बरोबर."

गाडीरस्ता संपला तिथून त्याला वाकळेच्या झोळीत घालून वर नेला. पाड्यातले गडी आळीपाळीनं खांदा देत होते. वाटेत भीमा वर आभाळाकडं बघत कुठलं झाड आलं ते सांगत होता, आणि एकही चुकला नाही.

ते पहिले महिने नवसीनं निभावले. ती कामाला गेली की कौसाबाई कूस बदलायची, पण म्हातारीच्या अंगात बळ कुठलं. तिला तो अर्धाच वळायचा, वरचं अंग वळायचं आणि कंबर मागं राहायची. आवडी तेव्हा चालायला बोलायला लागलेली. खेळता खेळता बापाच्या पायांवर जाऊन बसायची. ती बसलीय हे त्याला ती हसली की कळायचं. मग तो मान उचलून बघायचा आणि म्हणायचा, "आवडे, इकडं ये, छातीवर बस." पोर यायची, पण पायच तिला आवडायचे, ते हलत नसत, छाती हलायची.

पावसाळा मध्यावर आला आणि घरात वास यायला लागला. नवसीला तो आधी ओल्या सरपणाचा वाटला. मग तिनं भीमाला पालथा केला. माकडहाडावर, बरोब्बर त्या जागी, तळहाताएवढं काळं पडलं होतं. बोट लावलं तर आत गेलं. भीमा उशीत तोंड खुपसून म्हणाला, "काय हाय?"

"काय नाय."

"मग गप का?"

देऊला घेऊन ती भर पावसात खाली उतरली, ओढा कंबरभर पाण्यातून ओलांडला, बदलापूर गाठलं आणि शेअर रिक्षानं कॅम्प चारला गेली. वृंदा अजून तिथंच होती. तिनं मलमपट्टीचं सामान दिलं, गोळ्या दिल्या, जखम कशी धुवायची ते दाखवलं. सगळं ऐकून घेतल्यावर म्हणाली, "हे सगळं कर. पण त्याला इथं आण. मेलेलं मांस कापायला लागेल. घरी होणार नाही."

"आणते," नवसी म्हणाली.

गड्यांनी झोळी बांधली, ओढ्यापर्यंत आणली. पाणी छातीच्या वर होतं आणि मधोमध झाडाचे ओंडके वाहत होते. सगळे काठावर थांबले. पाऊस जरा ओसरला तसा एक गडी दोराला धरून उतरून बघून आला आणि त्यानं नुसता हात हलवला. भीमा झोळीतून म्हणाला, "मना इथंच टेकवा थोडा वेळ. पान्याचा आवाज बरा वाटतो." त्यांनी टेकवलं. अंधारून यायच्या आत त्याला परत घरी नेलं. दुसऱ्या दिवशी पुन्हा आणलं, पुन्हा नेलं. तिसऱ्या खेपेला त्याला ताप होता आणि तोच म्हणाला, नको.

ताप चढत गेला. नवसी जखम धुवायची, गोळ्या द्यायची, पिशवी सोडायची, सांगितलेलं काही चुकवायची नाही. पिशवीतलं पाणी गढूळ व्हायला लागलं. भात निसवायच्या दिवसांत, भर दुपारी, भीमा गेला. पाणी तोवर उतरलं होतं, ओढा चिमुरड्या पोरांनीही ओलांडावा असा झाला होता.

कौसाबाईला शेवटपर्यंत उमगलं नाही. "बोलत व्हता, जेवत व्हता, पोरीला हाका मारत व्हता," ती येईल त्याला सांगायची. "असा माणूस कसा जाईल?" लोक नवसीकडं बघायचे. नवसी सुरुवातीला समजावून सांगायची, कण्यातली शीर, शेपटीकडचं अंग, रेघ. पुढं पुढं तिनं सोडून दिलं. सांगून माणसाला कळायचं, पण कळल्यावर करायचं काय, हे तिलाही सांगता येत नव्हतं.

देऊ म्हणाला, माझ्याबरोबर राहा. जातीत तशी रीत होती. नवसी नको म्हणाली, त्यानंही ताणून धरलं नाही. झोडणी झाली, आवडीला म्हातारीपाशी ठेवून ती पुन्हा हेंद्रेपाड्यात उतरली. मुकादम दुसरा होता, इमारत दुसरी. त्यानं तिला वाळू चाळायला लावलं. आठवडाभरानं माल वर पोचवणारी बाई आली नाही, तेव्हा त्यानं नवसीला हाक मारली आणि घमेलं तिच्या हातात दिलं. तिनं चुंबळ डोक्यावर ठेवली, घमेलं चढवलं. परांचीच्या पहिल्या आडव्या बांबूला हात लावून ती थोडा वेळ उभी राहिली. वरून गवंडी माल माल म्हणून ओरडत होता. ती चढायला लागली.