विषाच्या खिरीवर ठरलेलं लग्न

माझं लग्न ठरलं तेव्हा मी लुगड्यात होतो. मुलं सारखी विचारतात, म्हणून एकदा लिहूनच टाकतो.

ताडकळसला गणपतीत दुपारचं नाटक व्हायचं. त्या साली आमच्या मास्तरांनी इतिहासातल्या तीन-चार निर्दयी राण्या एकाच उखळात कुटून एक राणी तयार केली. ती दिराला खिरीतून जहर देते आणि गादीवर बसते. बायका नाटकात काम करत नसत. माझी कंबर बारीक, मिशी नावापुरती, राणी मीच.

खीर खरी हवी, हा मास्तरांचा हट्ट. घरी आईनं शेवयाची खीर केलेली दिसली. मी पातेलं उचललं आणि निघालो.

पोखर्णीचे पाहुणे मला बघायला नाटकाच्या दुसऱ्या दिवशी यायचे होते. पण विद्यापीठाच्या नामांतराच्या आंदोलनाच्या त्या वर्षांत एसटी कधी बंद राहील याचा नेम नसे, म्हणून ते आदल्या दिवशीच निघाले. तसा सांगावा आईला आला होता, मला नव्हे. आमच्याकडे पाहुण्यांनी मुलाच्या घरचं गोड खाल्लं की सोयरीक पक्की. नुसत्या चहावर उठले की समजून घ्यायचं. आधीची दोन ठिकाणं चहावरच उठली होती. आता तर गोडच पळालेलं. आई पाहुण्यांना घेऊन खिरीमागं नाटकाला आली.

इकडे दिरानं दोन वाट्या संपवल्या, तिसरी मागितली, मास्तरांनी डोळे वटारल्यावर मेला. दरबारानं मला चांडाळीण ठरवून हद्दपार केलं. तेवढ्यात आईशेजारची धिप्पाड बाई उभी राहिली.

"का म्हणून हद्दपार? नवरा मेल्यावर हाच दीर तिची गादी गिळायला बसला होता, ते न्हाई दिसलं?"

"मावशी, तिनं माणूस मारला!" पुरुषांतून कोणीतरी ओरडलं.

"अन् राजे काय पेढे वाटत फिरत होते? त्यांनी मारलं की पराक्रम, हिनं मारलं की चांडाळीण!"

बायकांनी टाळ्या पिटल्या. आई तेवढी कुरकुरली, "मारायचं तर मारा, पण खिरीत कशाला? लय शेवया गेल्या."

बाई माझ्याकडे वळल्या. "तूच सांग गं, तुझं काय म्हणणं हाय?"

माझे संवाद संपलेले. पदर सावरत म्हणालो, "तुमी म्हणाल तसं, मावशी."

त्यांनी आईला विचारलं, "बरं, पोरगा कुठं हाय तुमचा?"

आईनं राणीकडं बोट दाखवलं.

बाईंनी मला निऱ्यांपासून खोट्या अंबाड्यापर्यंत न्याहाळलं. मग सरळ स्टेजवर चढून पातेल्यातली उरलेली खीर वाटीत ओतली. मेलेला दीर ताडकन उठून बसला. "मावशी, जहर हाय त्यात!"

"असू दे. असा ऐकणारा जावई पुन्हा मिळायचा न्हाई," म्हणत त्यांनी वाटी तोंडाला लावली.

राणी शहाणी की चांडाळीण, यावर गावात अजून दोन तट आहेत. मी कोणत्या तटात, ते सासूबाईंना विचारून सांगतो.