कापलेलं रडणं

मी इंजिनिअर झालो तो आमच्या गावातल्या पाटील सरांमुळे. अमेरिकेत सांता क्लारात माझी नोकरी गेली, हे मात्र मी त्यांना दोन महिने कळवलं नव्हतं.

शेजारच्या बाई स्पॅनिश सिनेमांचं एडिटिंग करायच्या. वीस वर्षं त्यांनी हातानं फिल्म कापली होती. आता कॉम्प्युटर अडला की भिंतीवर थाप मारून ओरडायच्या, "इंजिनिअर, तुझा भाऊ पुन्हा झोपला!" काम करताना पात्रांबरोबर त्यांचेही ओठ हलत.

एकदा त्यांनी नवऱ्यानं सोडलेल्या नायिकेचं रडणंच कापलं. दिग्दर्शक फोनवर चिडला होता. फोन ठेवून त्या मला म्हणाल्या, "रडली छानच आहे रे. पण दोन ताटं काढून तिनं एक परत ठेवलं, तिथंच सगळं कळतं."

त्यांनी प्रसंग दाखवला. मी तो पुन्हा लावायला सांगितला.

घरी येऊन मी सरांसाठी लिहिलेलं, अमेरिकेच्या कौतुकाचं चार पानी पत्र फाडलं आणि नवं पाठवलं:

"आदरणीय सर, सा. न. दोन महिन्यांपूर्वी माझी नोकरी गेली. रोज सकाळी दाढी करून, इस्त्रीचा शर्ट घालून अर्ज लिहायला बसतो."