चार-सात, सत्तेचाळीस

राजदूत म्हणून निवृत्त झाल्यापासून लोक मला विचारतात, "एवढी मुत्सद्देगिरी कुठे शिकलात?" त्यांना परदेशातल्या एखाद्या बड्या विद्यापीठाचं नाव ऐकायचं असतं. मी सांगते, दौंडजवळच्या रेल्वे फाटकावर. समोरचा हसतो. हसू दे, मी थट्टा करत नसते.

माझे वडील, म्हणजे आबा, त्या फाटकावर गेटमन होते. शाळा सुटली की मी त्यांच्या गेटवरच्या खोलीत अभ्यासाला बसायचे. स्टेशनमास्तरांचा फोन यायचा, गाडी येतेय, फाटक बंद करा. आबा फाटक पाडून कुलूप घालायचे आणि मगच फोनवर एक नंबर द्यायचे. अशा नंबरांचा छापील कागद त्यांच्याकडे असे. "चार-सात, सत्तेचाळीस." आधी आकडे सुटे, मग एकत्र, म्हणजे ऐकण्यात चूक नको. मास्तर तोच नंबर परत म्हणून दाखवायचे. तो नंबर म्हणजे गेटमनचा शब्द. तो मिळाल्याशिवाय गाडी सोडायची नाही. गाडी नीट निघून गेली की आबा त्या नंबरावर रेघ मारायचे.

एकदा साखर कारखान्याचे चेअरमन जीप घेऊन फाटकाशी आले आणि हॉर्नवर हॉर्न वाजवू लागले. "अरे, गाडी दिसत बी न्हाई अजून! उघड की!" आबा जागचे हलले नाहीत. म्हणाले, "साहेब, नंबर दिलाय." चेअरमन पाय आपटत जीपमध्ये जाऊन बसले. सगळा तालुका ज्यांना वाकून रामराम करायचा, त्यांना माझ्या बापानं थांबवलं होतं. मी खिडकीतून बघत होते आणि ऊर असा भरून आला होता की पुढचं गणित चुकलं.

माझं शेवटचं पोस्टिंग एका लहानशा देशात होतं. तिथे लढाई पेटली आणि औषधांच्या एका कारखान्यात आपले तेवीस कामगार अडकले. बस तयार होती, पण सरहद्दीकडे जाणारा पूल बंडखोरांच्या ताब्यात होता. त्यांच्या कमांडरनं सोडलं तरच सुटका. दुपारी कामगारांपैकी एका फिटरचा फोन आला.

"म्याडम, पानी संपलंय. पोरं लई घाबरल्यात. कवा निघायचं आमी?"

त्याच्या बोलण्यानं मी चमकलेच. "कुठले तुम्ही?"

"शिरूरचा जी. आधी सणसवाडीला व्हतो कंपनीत."

"मी दौंडची."

पलीकडे तो इतरांना ओरडून सांगताना ऐकू आला, "आरं, घरचंच मानूस हाय!" त्या क्षणापासून मी फोनपासून हलले नाही. घरच्या माणसाकडून चूक झाली तर कुठे जायचं?

तासाभरानं कमांडर फोनवर आला. "माझा शब्द आहे, बस पाठवा," म्हणाला. माझ्या हाताखालचे अधिकारी सुटकेचा निःश्वास टाकून मोकळे झाले. एकानं तर मला फोन ठेवायची खूण केली. मी ठेवला नाही. शब्द याचा, पण बंदूक पुलावरच्या शिपायाच्या हातात, आणि त्याला काय माहीत? मी म्हटलं, "एक नंबर ठरवू. तुम्ही तो पुलावर कळवा, आमचा माणूस तिथे सांगेल."

तो भडकला. "विश्वास नाही माझ्यावर?"

"आहे. पण माझे वडील रेल्वेत गेटमन होते. आमच्या घरी नंबराशिवाय गाडी सोडत नाहीत."

त्यानं कुणाकडे तरी कागद मागितला. मग म्हणाला, "तुम्हीच सांगा."

तोंडातून आपसूक आबांचा तोच नंबर आला. मी तो त्याच्याकडून परत म्हणवून घेतला, डायरीत लिहिला. मग शिरूरच्या त्या फिटरकडून तिथल्या भाषेत घोटवून घेतला.

पुलावर बस अडवलीच. फिटरचा फोन चालूच होता, मी इकडून ऐकत होते. दार आपटलं, कुणीतरी खेकसलं, सगळ्यांना खाली उतरवलं. मग त्या परक्या भाषेत, पण अस्सल शिरूरच्या हेलात, ठणठणीत आवाज आला: चार-सात, सत्तेचाळीस. मग शिपायानं तोच नंबर परत म्हटला. सगळे परत चढले, बस सुरू झाल्याचा आवाज आला आणि मी सगळ्या ऑफिससमोर रडले.

दिल्लीत माझा सत्कार झाला. मानचिन्ह घेऊन मी दौंडला आले. आबा आता थकलेत, ऐकूही कमी येतं. मानचिन्ह त्यांनी हातात घेऊन उलटसुलट पाहिलं आणि बाजूला ठेवलं. हकीकत मात्र कानामागे हात धरून शेवटपर्यंत ऐकली.

"नंबर कोन्ता दिलास?"

"चार-सात, सत्तेचाळीस."

"चार-सात, सत्तेचाळीस," त्यांनी परत म्हणून दाखवलं. "गाडी नीट गेली का?"

"गेली, आबा. सगळे घरी पोचले."

त्यांनी सदऱ्याच्या खिशातलं पेन काढून माझ्यापुढे धरलं. "मंग मार रेघ. झाली तुझी ड्यूटी."

डायरी माझ्या पिशवीतच होती. त्या पानावरचा नंबर तसाच राहिला होता. मी आबांच्या पेनानं त्यावर रेघ मारली.