प्रति फेरी

आमच्या कारंज्याच्या शाळेत मुलींच्या बाथरूमला दार नव्हतं. माझी आठवीतली मुलगी शाळेत दिवसभर पाण्याचा थेंब घेत नसे आणि घरी आली की दप्तरासकट आत पळायची. शाळा समितीच्या बैठकीत दर वेळी चहा यायचा, दार यायचं नाही. मग नव्या सरांनी शहरातली कल्पना आणली. मुलांनी मैदानाला फेऱ्या मारायच्या आणि ओळखीच्यांनी फेरीमागे पैसे द्यायचे. नुसतं मागण्यापेक्षा घाम गाळून मागणं जास्त सुशिक्षित दिसतं म्हणे.

मुलीने फॉर्म भासऱ्यांकडे, म्हणजे माझ्या थोरल्या दिरांकडे नेला. त्यांचं हार्डवेअरचं दुकान आहे. त्यांनी ठळक अक्षरात लिहिलं, 'प्रति फेरी दोनशे रुपये.' आमच्या घरात इतका सढळ हात आहे, हे मला लग्नाला वीस वर्षं झाल्यावर कळलं.

फेऱ्यांच्या दिवशी ते इस्त्रीचे कपडे घालून पुढच्या खुर्चीत बसले. तिसऱ्या फेरीनंतर त्यांनी सरांना विचारलं, "पोरं गावात कधी निंघतात?" त्यांना वाटलं होतं, फेरी म्हणजे प्रभातफेरी. झेंडा, घोषणा, गावातून एक चक्कर आणि शेवटी केळं. सरांनी नीट समजावलं, तोवर मुलीच्या पाच फेऱ्या झाल्या होत्या.

आता चारचौघांत स्वतः तिला थांबवणं त्यांना शोभलं नसतं, म्हणून त्यांनी मला सांगणं भाग होतं. पण आमच्याकडे भासरे धाकट्या भावाच्या बायकोशी थेट बोलत नाहीत. मी चार हातांच्या अंतरावर उभी असले तरी निरोप तिसऱ्याच्या तोंडून येतो. आणि इथे तिसरी धावत होती.

मुलगी समोरून जाताना ते म्हणाले, "तुह्या आईले सांग, पोरगी थकून राह्यली."

तिने पळता पळता मला सांगितलं. मी म्हटलं, "त्याईले सांगजो, नाई थकली."

हे उत्तर पोचायला एक फेरी लागली.

"ऊन लागंन म्हणा."

"टोपी आहे म्हणावं."

आणखी एक फेरी. आपल्या प्रत्येक निरोपाला दोनशे रुपये पडतात, हा हिशोब भासऱ्यांच्या लक्षात यायला अकरावी फेरी उजाडली. मग निरोप एकदम मुद्द्याचा आला.

"पैसे नाई, दारच देतो म्हणा. दुकानातलं. आजच."

"बिजागऱ्या?" मी विचारलं.

बाराव्या फेरीला उत्तर आलं, "त्याबी."

"अन् कडी?"

तेराव्या फेरीला मुलगी आमच्या दोघांच्या मधोमध थांबली आणि गुडघ्यांवर हात टेकून म्हणाली, "तुमी आपसात बोला न. मले दम लागला."

भासऱ्यांनी खाली बघितलं, मग सरांकडे, मग माझ्या चपलांकडे.

"कडी आतून पाह्यजे का बाहेरून?"

वीस वर्षांतलं हे त्यांचं माझ्याशी पहिलं वाक्य.

"आतून," मी म्हटलं.

दार संध्याकाळी बसलं. भासऱ्यांचं बोलणं पुन्हा बंद झालं आहे, आणि त्याबद्दल दोघांचीही तक्रार नाही.